बंदोबस्तातला कडू घास

पोलीस मागायला मीच गेले होते, हे खरं आहे. पण तो मिळाल्यावर त्याला बसवायचं कुठं, हे मला कुणी सांगितलं नव्हतं. सकाळी आठच्या सुमाराला तो दारात येऊन उभा राहिला, खांद्याला बंदूक, हातात कोर्टाच्या हुकमाची झेरॉक्स, आणि म्हणाला, "बाई, धोका कोणत्या बाजूनं हाय?" मी हात करून शेजारचं घर दाखवलं. त्या घराच्या ओट्यावर माझी चुलत सासू ऊन खात बसली होती. तिनं माझ्या हाताकडं बघितलं, पोलिसाकडं बघितलं आणि मला विचारलं, "पावण्याला च्या ठिवला का गं?"

तिथंच माझा घोळ सुरू झाला. आज मी लेकीकडं, शहरात गारखेड्याला, गॅलरीत बसून हे लिहितेय. दावा अजून चालू आहे, तारखा पडताहेत, गुडघे गेले, चष्मा आला, पण तो घोळ काही सुटला नाही. लेक म्हणते, आई, लिहून काढ म्हणजे डोकं मोकळं होईल. बघू या, काय डोंबल मोकळं होतंय ते.

आमचं गाव पडेगावच्या पुढं, दौलताबादच्या रस्त्याला आहे. निजामी संपली त्या पोलीस ॲक्शननंतर माझ्या आजेसासऱ्यांनी तिथं आठ एकर जमीन घेतली. तिचे जुने कागद उर्दूत आहेत, आमच्या घरात ते कुणाला वाचता येत नाहीत, पण ट्रंकेत जपून ठेवलेत. पुढं दोन भावांत वाटणी झाली. रस्त्याकडचे चार एकर चुलत सासऱ्याला आणि मागचे चार माझ्या सासऱ्याला. मागच्या शेतात जायची वाट पुढच्या शेतातून. भाऊ-भाऊ होते तोवर त्या वाटेचं कुणालाच काही वाटलं नाही. सासरे गेले, चुलत सासरे गेले, मग कावीळ होऊन माझे मालक गेले. राहिले मागच्या चार एकरांची मी, आणि पुढच्या चार एकरांचा माझा चुलत दीर.

मी लग्न होऊन आले तेव्हा हा दीर नऊ-दहा वर्षांचा होता. शाळेत जायच्या आधी माझ्या चुलीपाशी येऊन बसायचा. भाकर फुगली की तिचा वरचा पापुद्रा मागायचा, तेवढाच, बाकीची भाकर नको. मी रागवायचे आणि द्यायचे. त्याचं लग्न झालं तसं मी त्याला भाऊजी म्हणायला लागले, अहो-जाहो करायला लागले, कारण बायकोसमोर नवऱ्याला अरे-तुरे केलं तर तिला काय वाटेल. तो मात्र मला वैनी, तूच म्हणत राहिला.

मग शहर आमच्याकडं सरकत आलं. पडेगाव भरलं, रस्त्याच्या कडेनं चुन्याच्या रेषा दिसायला लागल्या, प्लॉटवाले जीपमधून फिरायला लागले. एकानं दिराला सांगितलं की आठ एकर एकत्र असेल तरच घेतो, चार नको. दीर माझ्याकडं आला. मी नाही म्हटलं. अंगणवाडीत पोरं सांभाळणारी बाई मी, ते चार एकर सोडले तर माझ्या नावावर रेशनकार्डसुद्धा नव्हतं. माझे मालक त्या मातीत राबून गेले, आणि तिथं लोकांनी मोऱ्या बांधायच्या? नाही म्हणजे नाही.

झालं. आधी वाटेवर बाभळीचे काटे येऊन पडले. मग एके दिवशी विहिरीवर गेले तर मोटारीचा पाइप फोडलेला. त्या दिवशी माझं डोकं भणाणलं आणि मी विहिरीवर उभं राहून त्याला आणि त्याच्या सात पिढ्यांना जे काही बोलले, ते इथं लिहिण्यासारखं नाही. दोन दिवसांनी मारुतीच्या पारावर चार माणसांसमोर त्यानं मला सांगितलं, "वैनी, आता शेतात पाय ठिवलास तर त्यो पाय घरी येनार नाय." आणि त्याच आठवड्यात पहाटे माझ्या कडब्याची गंजी पेटली. कुणी पेटवली ते कुणीच बघितलं नाही. दीर तर बादल्या घेऊन विझवायला आला होता. मी त्याच्या तोंडाकडं बघत राहिले, आणि मला काही म्हणजे काही कळलं नाही.

लेकीनं हात धरून वकिलाकडं नेलं. वकीलसाहेबांनी सगळं ऐकून घेतलं, टाईप केलं आणि मला वाचून दाखवलं. "वादी ही निराधार विधवा असून..." मी म्हटलं, साहेब, निराधार कोण? ते म्हणाले, तसं लिहावं लागतं. पुढं होतं, "प्रतिवादी हा गुंड प्रवृत्तीचा इसम असून वादीच्या जीवितास व मालमत्तेस त्याच्यापासून गंभीर धोका आहे." मी म्हटलं, गुंड नाही हो तो, तापट आहे. साहेबांनी पेन खाली ठेवलं.

"बाई, तापट माणसापासून कोर्ट पोलीस देत नाही."

मी सही केली. घरी येईपर्यंत रिक्षात मला वाटत होतं की आपण कुणा दुसऱ्याच बाईच्या, दुसऱ्याच दिराविरुद्ध सही करून आलो.

कोर्टानं हुकूम दिला. प्रतिवादीनं वादीच्या शेतात आणि वाटेत आडवं यायचं नाही, आणि कापसाची वेचणी होईस्तोवर, पुढच्या तारखेपर्यंत, पोलिसांनी वादीला दिवसा संरक्षण द्यायचं. वकीलसाहेबांनी हुकमाची प्रत माझ्या हातात ठेवली आणि बजावलं, "आता त्यांच्याशी एक शब्द बोलायचा नाही. त्यांच्या दारात पाऊल टाकायचं नाही. तुम्ही तिकडं गेलात की धोका संपला असं ते कोर्टाला सांगतील. मग मला दोष देऊ नका."

त्याच वेळी त्यांनी दिराची कैफियतही दाखवली. त्यात दिरानं लिहून दिलं होतं की वादी ही कजाग स्वभावाची बाई असून तिनं विहिरीवर, एकेकाला औषध पाजून मारीन, अशी धमकी दिली. सबब प्रतिवादीच्याच कुटुंबास वादीपासून धोका आहे. औषध म्हणजे कापसावर फवारायचं, ज्याचा डबा कापूसवाल्या प्रत्येक घरात आढ्याला टांगलेला असतो. मला हसू आलं आणि रागही आला. म्हणाले असेन मी तसं. म्हणालेच होते. रागात माणूस काय नाही म्हणत? पण ते त्यांच्या वकिलानं घातलेलं कलम आहे, माझ्या कागदात जसं 'गुंड' आहे तसं, असं मी धरून चालले आणि विसरून गेले.

तर हा पोलीस. पन्नाशीला टेकलेला हवालदार, मूळचा सिल्लोडचा, बाप कापसाच्या धंद्यात होता. शेतात आल्या आल्या त्यानं माझ्या कापसाच्या पऱ्हाट्या बघितल्या आणि मान हलवली. "बाई, लई दाट लावलाय. हवा कुठून खेळंल?" बांधावरच्या कडुलिंबाखाली एक सपाट दगड होता, त्यावर तो दिवसभर बसायचा. शुक्रवारी दुपारी नमाजला जायचा, आणि जाताना मला सांगून जायचा, "बाई, एक घंटा धोका तुमचा तुम्ही संभाळा." मी म्हणायचे, बरं.

त्याच्याकडं ड्युटीची वही होती. जे घडेल ते तो तीत लिहायचा आणि लिहिलेलं मला वाचून दाखवायचा. "सकाळी नऊ. वादी कापूस वेचते. शांतता." "दुपारी एक. वादी जेवण करते. शांतता." एकदा दीर त्याच्या बाजूच्या बांधावर येऊन कितीतरी वेळ उभा राहिला, नुसताच. हवालदारानं लिहिलं, "प्रतिवादी उभा आहे. शांतता." मला त्या शांततेचा भरवसा वाटायचा नाही. माझ्या पाठीला सारखं जाणवायचं की तो बघतोय. वेचता वेचता मी पाठ फिरवायचे, आणि तोंड त्याच्याकडं झालं की आणखी वाईट वाटायचं.

आणि घरी आलं की शेजारच्या ओट्यावर चुलत सासू, दिराची आई. तिला आम्ही काकू म्हणायचो. माझ्या लेकीच्या वेळेला मी दीड दिवस अडले होते, तेव्हा काकूंनी माझी सुटका केली. लेकीला पहिल्यांदा हातात घेतलं ते त्यांनी. कोर्टाच्या हुकमात काकूंचं नाव नव्हतं, त्यामुळं त्यांच्याशी बोलायचं की नाही ते मला ठरवता येईना. त्यांना हुकूमबिकूम काही ठाऊक नव्हतं. ओट्यावर बसून त्या हवालदारालाच हाका मारायच्या, "आरं जमादार, तिला म्हनावं कढी केलीय, वाटी घिऊन जा." हवालदार माझ्याकडं बघायचा. मी मान हलवून नाही म्हणायचे. मग घरात येऊन एकटीच बडबडत बसायचे, स्वतःवर का त्यांच्यावर, कुणास ठाऊक.

वेचणी शेवटाला आली होती. एका सकाळी मी डबा बांधत होते आणि शेजारून हंबरडा ऐकू आला. दिराच्या बायकोचा आवाज होता. मी हातातलं टाकून धावले आणि माझ्याच उंबऱ्यावर येऊन थांबले. हवालदार नुकताच येऊन दारात उभा होता. त्यानं विचारलं, "काय झालं?" मी म्हटलं, "काकू गेल्या." आणि तिथंच उभी राहिले. पाय पुढंही जाईनात आणि मागंही येईनात. वकिलाचं बोलणं डोक्यात चालू होतं, त्यांच्या दारात पाऊल टाकायचं नाही.

ती सगळी सकाळ मी माझ्या ओट्यावरून बघत राहिले. गल्ली भरली. काकूंना आंघोळ घातली ती दुसऱ्या बायकांनी. तिरडी माझ्या दारासमोरून गेली, दीर पुढं मडकं धरून, आणि त्यानं माझ्याकडं बघितलं नाही. मी खांबाला धरून रडले. माणूस आपल्याच माणसाला लांबून रडतं, ही कसली रीत? मला माझाच राग आला.

आमच्या भावकीत एक रीत आहे. ज्या घरात मयत झाली तिथं त्या दिवशी चूल पेटत नाही. माणसं मसणातून आली, आंघोळी झाल्या, लिंबाचा पाला चावून झाला की भावकीतल्या थोरल्या सुनेच्या घरून पिठलं-भाकर जाते आणि अग्नी देणाऱ्याला पहिला घास ती थोरली सून आपल्या हातानं देते. त्याला कडू घास म्हणतात. थोरलीची चूल पेटल्याशिवाय बाकीच्या घरांनी तवा टाकायचा नाही. आणि भावकीत आता थोरली सून मीच होते.

दुपार कलली. गल्लीतल्या दोघी-तिघी येऊन माझ्या दारात उभ्या राहिल्या. एकीनं माझ्याकडं बघितलं, मग बंदुकीकडं बघितलं, आणि हळूच म्हणाली, "थोरले, पीठ मळलं का गं? तिथं लेकरं सकाळपासून उपाशी हाईत." मी म्हटलं, तुम्ही कुणीतरी टाका की. त्या म्हणाल्या, "आमी कशा टाकनार? तू हाईस की." आणि तिथंच उभ्या राहिल्या.

मी पीठ मळलं. भाकरी थापताना माझे हात चालत होते आणि डोकं भलतीकडं होतं. जावं, तर शेत जातं. न जावं, तर काकूंचं घर माझ्यामुळं उपाशी राहतं. आणि तो पाय घरी येणार नाही म्हणालाय, त्याच्याच अंगणात तो पाय घेऊन जायचं. हवालदार दारात उभा राहून सगळं बघत होता.

"बाई, हुकमात हे नाय."

"माहीत आहे."

"तुमी तिकडं गेल्या तर मला संगं यावं लागतंय. आन् वहीत लिवावं लागतंय."

"मग या. आणि लिहा."

भाकरीची टोपली मी डोक्यावर घेतली. पिठल्याचं पातेलं एका हातात धरून मला चालता येईना, तसं त्यानं मुकाट्यानं ते पातेलं स्वतःच्या हातात घेतलं. एका खांद्याला बंदूक, एका हातात पिठलं, अशा थाटात आमचा बंदोबस्त काकूंच्या घरी निघाला. गल्लीतली माणसं बाजूला झाली.

अंगणात पुरुष ओळीनं बसले होते. मधोमध दीर, ओल्या अंगानं, डोळे सुजलेले. मला बघून त्याच्या बायकोनं जागा करून दिली. मी त्याच्यासमोर बसले. इतक्या जवळून मी त्याला वर्षभरात बघितलं नव्हतं, आणि मला कळलं की त्याचेही केस पांढरे झालेत. भाकर मोडली, पिठल्यात बुडवली आणि घास त्याच्यासमोर धरला.

त्यानं तो घेतला नाही.

मला वाटलं, राग. मी हात तसाच धरून ठेवला. मग त्यानं माझ्या मागं उभ्या असलेल्या हवालदाराकडं बघितलं आणि खालच्या आवाजात म्हणाला, "आदी त्यांना दे."

"मला?" हवालदार म्हणाला. "मी तर भावकीचाबी नाय."

दिराची नजर माझ्या बोटांतल्या घासावर होती. त्यानं आवंढा गिळला, आणि तेव्हा माझ्या डोक्यात उजेड पडला. याला वाटतंय की मी त्यात काही घातलंय. ते कलम वकिलानं घातलेलं नव्हतं. हा माणूस खरोखरच मला घाबरत होता. ज्याच्या भीतीनं मी कोर्टाची पायरी चढले, बंदूकवाला माणूस दाराशी बसवला, तो शेजारच्या घरात बसून माझ्याच भीतीनं दिवस काढत होता. आणि मी? चुलीपाशी बसवून पापुद्रे भरवलेली मी? मला तिथंच गाडून घ्यावंसं वाटलं.

हवालदारानं बंदूक गुडघ्यांत धरली, खाली बसला, माझ्या हातातला घास घेतला, तोंडातल्या तोंडात काही पुटपुटला आणि खाल्ला. सगळे त्याच्याकडं बघत होते. "मीठ बरूबर हाय," तो म्हणाला. मग दिरानं माझ्या हातून दुसरा घास घेतला.

मी लेकरांना वाढलं, बायकांना वाढलं आणि घरी आले. चुलीपुढं बसून रडले. काकूंसाठी रडले का त्या घासासाठी, मला आजही सांगता येणार नाही.

तारखेला हवालदाराची वही कोर्टात आली. दिराच्या वकिलानं ती मोठ्यानं वाचली. "वादी स्वतः प्रतिवादीच्या घरी जेवण घेऊन गेली. प्रतिवादीनं जेवण केलं. शांतता." आमचे वकीलसाहेब मला व्हरांड्यात घेऊन गेले. त्यांचा चेहरा लालबुंद झाला होता. "आता एकच करा. विचारलं तर सांगा, मी गेले नव्हते, शेजारणीनं नेलं. पोलिसाची नोंद चुकीची आहे."

"मग पोलिसाचं काय होईल?"

"त्याचं तो बघून घेईल. तुम्हाला तुमचं शेत पाहिजे की नको?"

न्यायाधीशांनी मला पुढं बोलावलं आणि साध्या आवाजात विचारलं, "तुम्ही यांच्या घरी गेला होतात?"

मी दिराकडं बघितलं. तो फरशीकडं बघत होता. हवालदार दाराशी उभा होता, टोपी काखेत धरून. नव्हते गेले म्हटलं असतं तर काकूंना मी कडू घाससुद्धा दिला नाही असं झालं असतं, तेही शपथेवर.

"गेले होते, साहेब."

"भीती वाटली नाही?"

"वाटत होती."

"मग का गेलात?"

"काकू मेल्या होत्या, साहेब."

त्यांनी समोरचा कागद उलटला. मग म्हणाले, "आजही प्रतिवादीपासून तुमच्या जिवाला धोका आहे, असं तुमचं म्हणणं आहे का?"

हो म्हणायचं मी घरून ठरवून आले होते. गंजी जळलेली डोळ्यापुढं होती, पारावरचं बोलणं कानात होतं. पण त्याच्या नरड्यातून खाली गेलेला तो आवंढाही मला दिसत होता. सांगायचं काय? साहेब, मी त्याला भिते, तो मला भितो, गंजी कुणी पेटवली ते देवाला ठाऊक? असलं कागदावर कोण लिहून घेणार?

"मला कळत नाही, साहेब," मी म्हटलं.

त्यांनी काहीतरी लिहिलं. मनाई हुकूम कायम राहिला, पोलीस काढून घेतला. वकीलसाहेब जिना उतरताना म्हणाले, "बाई, तुम्ही तुमच्या हातानं बुडालात." खोटं तरी काय होतं त्यात?

गेटाबाहेर हवालदार माझ्यासाठी थांबला होता. म्हणाला, "बाई, मी जे झालं ते लिवलं."

"बरोबर केलंत."

"एक गोष्ट नाय लिवली." त्यानं इकडं-तिकडं बघितलं. "त्यो घास हातात घेतला तवा मलाबी भ्या वाटलं."

मी त्याच्याकडं बघतच राहिले. पंधरा दिवस माझ्या घरचा चहा प्यायलेला माणूस. "माझं? मग खाल्ला कशाला?"

"हुकमात हाय ना, शांतता राखायची," तो म्हणाला आणि रस्ता ओलांडून गेला.

दुसऱ्या दिवशी मी एकटीच शेतात गेले. शेवटच्या आठ-दहा ओळी राहिल्या होत्या आणि बोंडं फुटून खाली लोंबत होती. वाटेवर बघते तर बाभळीचे काटे तोडून बाजूला लावलेले. कुणी, ते कळायला मार्ग नव्हता. मी रोजच्यासारखं भाकरीचं फडकं लिंबाच्या फांदीला अडकवलं, कमरेला ओटी बांधली आणि वेचायला लागले. एक ओळ संपवून त्या टोकाला वळले, आणि बघितलं तर हवालदाराच्या दगडावर दीर बसलेला. डोकं भादरलेलं. शेजारी कुऱ्हाड.

पळावं म्हटलं तर वाट त्याच्याच बाजूनं होती. ओरडावं म्हटलं तर काय ओरडणार, माझा दीर बसलाय म्हणून? कुऱ्हाड काटे तोडायला आणली असेल. किंवा नसेलही. तो नुसता बसला होता, हवालदार बसायचा तसा. मला राखत बसला होता का माझ्यावर डोळा ठेवून, हे मला त्या दिवशी कळलं नाही. मी खाली मान घातली आणि बोंडं वेचत राहिले. दुसरं करणार तरी काय? सूर्य डोक्यावर आला तरी तो हलला नाही.

माझी ओळ लिंबापाशी संपत होती. मी ओटी रिकामी केली, फडकं काढलं आणि त्याच्यापासून हातभर लांब बसले. त्यानं कुऱ्हाड मागं सरकवली.

"वैनी, भाकर दे."

मी फडकं सोडलं. एकच भाकर होती आणि ठेचा. अर्धी मोडून त्याच्या हातावर ठेवली. त्यानं ती धरली आणि खाईना. बघत होता दुसरीकडंच, त्याच्या शेताकडं. मला समजलं. अंगाची आग झाली, डोळ्यांत पाणी आलं. अरे मेल्या, अजून? मी हात लांब करून त्याच्या हातातल्या भाकरीचा पापुद्रा काढला आणि माझ्या तोंडात घातला.

आणि चावता चावता माझ्या लक्षात आलं की सकाळपासून ते फडकं त्याच्या डोक्यावरच लटकत होतं आणि माझी पाठ त्याच्याकडं होती.

घास तोंडात तसाच राहिला. थुंकावा तर त्याला वाटणार की माझ्याच मनात पाप आहे. गिळावा तर... मी त्याच्याकडं बघितलं. तो आता माझ्याकडंच बघत होता, माझ्या तोंडाकडं, चुलीपाशी बसून बघायचा तसा. त्याचे डोळे लाल होते, आईला जाऊन चारच दिवस झाले होते.

मी गिळला.

"खा रे आता," मी म्हटलं.

त्यानं एक घास मोडून तोंडात घातला, सावकाश चावला आणि गिळला. मग हातातली भाकर त्यानं मांडीवर ठेवली, मी माझी अर्धी फडक्यावर ठेवली, आणि कितीतरी वेळ आम्ही दोघं त्या लिंबाखाली तसेच बसून राहिलो, एकमेकांना काही होतंय का ते बघत.